न चढलेल्या बोटीचं तिकीट

आळंदच्या आमच्या शाळेत फोन नाही. समोरच्या खताच्या दुकानात आहे. जानेवारीतल्या एका सोमवारी तिसरा तास चालू असताना दुकानातला माणूस वर्गाच्या दाराशी येऊन उभा राहिला, आणि तो काही बोलायच्या आधीच मी हातातला खडू खाली ठेवला. भालकीहून नीलम्माचा फोन होता. नीलम्मा ही माझ्या थोरल्या बहिणीची, गयाअक्काची, भिंतीला भिंत लागून असलेली शेजारीण. दोघी रोज कानडीतून भांडायच्या आणि मराठीतून समेट करायच्या. त्या दिवशी नीलम्माचा आवाज अगदी बारीक झाला होता. "सर, अक्काच्या छातीत लई दुखायलंय. डॉक्टर येऊन गेले. त्या तुमचंच नाव घ्यायल्यात, लवकर या," एवढंच ती म्हणाली.

मी कल्याणपर्यंत आलो. म्हणजे बसवकल्याण, पण आमच्याकडं सगळे नुसतं कल्याणच म्हणतात. तिथं भालकीसाठी गाडी बदलावी लागते. दीडची गाडी लागली आणि स्टँडवरची माणसं दाराकडं धावली. मी नेहमीसारखा बाजूला सरकलो. आधी बायकापोरं चढली, मग गाठोडीवाले, मग कॉलेजची मुलं, मग एक गृहस्थ दोन पोती घेऊन आले, त्यांना मी पोतं उचलून द्यायलासुद्धा हात लावला. सगळे चढू देत, मग आपण... ही सवय माझ्या अंगात इतकी मुरलेली आहे की ती सवय आहे हेच मला कळत नाही. दाराशी लोंबणारी माणसं बघून कंडक्टरनं घंटी मारली, "मागून दुसरी हाय," असं ओरडला आणि गाडी निघाली. वळणावर तिची मागची बाजू माझ्याकडं झाली, तेव्हा शेवटच्या बाकावर दोन जागा रिकाम्या दिसल्या. मागची गाडी पावणेचारला आली. अक्का सव्वातीनला गेली.

मी पोचलो तेव्हा तिच्या डोक्याशी मेणबत्ती लागलेली होती आणि वस्तीतले लोक ओसरीवर बसले होते. नीलम्मा मला आत घेऊन गेली. "शेवटपर्यंत शुद्ध होती त्यास्नी," ती म्हणाली. "दोनदा विचारल्या, तम्मा कुठवर आला?" तम्मा म्हणजे कानडीत धाकटा भाऊ. अक्कानं मला जन्मभर दुसऱ्या कुठल्या नावानं हाक मारली नाही. मी कुठवर आलो होतो ते मी कुणालाही सांगितलं नाही. गाडी चुकली, असं म्हणालो. सगळ्यांनी मान डोलावली, गाड्या चुकतातच. पुण्यानुमोदनाच्या दिवशी तिच्याविषयी चार लोक चांगलं बोलले, मलाही बोलायला सांगितलं, पण मला उठता आलं नाही. आता दोन महिने झाले. तिच्या गुणांची यादी करायला मी हा लेख लिहायला घेतलेला नाही. तिनं मला एकदा एक गोष्ट सांगितली होती आणि ती ऐकूनही मी सुधारलो नाही, हे मला कुठंतरी कबूल करायचं आहे.

आमचं गाव भालकी तालुक्यात, मेहकरच्या बाजूला, मांजरा नदीच्या काठी. बाजार, उदगीरची गाडी, सगळं पलीकडच्या तीरावर. पावसाळा लागला की होळीपर्यंत नदी नावेनंच ओलांडावी लागायची. या नावेचा एक नियम होता. तो कुठं लिहिलेला नव्हता आणि कुणी मोडलेलाही आठवत नव्हता. आधी पाटलांच्या घरची माणसं, मग बाकीचे शेतकरी, मग व्यापाऱ्यांच्या गोण्या, मग शेरडं. सगळ्यात शेवटी, जागा उरली तर, आमच्या वस्तीची माणसं, आणि तीही मागच्या टोकाला, उभ्यानं. उरली नाही तर पुढच्या खेपेला. माय आम्हा दोघांना घेऊन काठावरच्या बाभळीखाली उभी राहायची. मी घाई केली की माझ्या दंडाला धरायची आणि म्हणायची, "चढू दे रे सगळ्यांस्नी, मग आपण." तिच्या बोलण्यात राग नसायचा, रडगाणंही नसायचं. ऊन डोक्यावर आलं की सावलीत सरकावं, तसं ती ते बोलायची. मी अक्षरं गिरवायला शिकलो त्याच्या आधी ते 'मग आपण' शिकलो.

अक्का माझ्यापेक्षा नऊ वर्षांनी मोठी. वस्तीनं बौद्ध धम्माची दीक्षा घेतली तेव्हा ती बीदरला मिशनच्या दवाखान्यात नर्सिंग शिकत होती. रजा काढून आली, पांढरं लुगडं नेसून सगळ्यांच्या पुढं बसली. त्याच सुमारास आमचा जिल्हा हैदराबाद सोडून म्हैसूर राज्यात गेला. अप्पा, आमचे वडील, म्हणायचे, "धर्म बी बदलला, सरकार बी बदललं, नावेची तऱ्हा तेवढी तीच हाय." अप्पा पुढं फार दिवस राहिले नाहीत. अक्काच्या दवाखान्यात एक इटालियन सिस्टर होती. तिच्या ओळखीनं काही वर्षांनी अक्काला नेपल्सच्या एका दवाखान्यात तीन वर्षांसाठी जायला मिळालं. सिस्टरला आशा होती की ही पोरगी आज ना उद्या ख्रिस्ती होईल. अक्का हसून सांगायची, "मी तिला मनले, एकदा बदलले की मी. कितींदा बदलू?" मुंबईहून ती बोटीनं गेली. मराठी, कानडी आणि दखनी तिला येतच होत्या, वर्षभरात इटालियनही बोलायला लागली. ती तिकडं असतानाच माय गेली. तार तिला मिळाली तेव्हा इकडं सगळं उरकून गेलं होतं. पत्रात तिनं मायविषयी एकच ओळ लिहिली होती, "तिला एकदा समुद्र दाखवायचा होता."

तीन वर्षांनी ती परत आली ती एक पत्र्याची पेटी, कॉफीचं आठकोनी भांडं आणि काळा चष्मा घेऊन. राजेश्वरच्या सरकारी दवाखान्यात तिला नोकरी लागली. काळा चष्मा लावून ती कुणाचं बाळंतपण करायला निघाली की पोरं मागून धावायची आणि ती त्यांना इटालियनमधून शिव्या द्यायची. शिव्याच असाव्यात, अर्थ तिनं कधी सांगितला नाही. लिंबाच्या जाड चकत्या करून त्यावर मीठ, हिरवी मिरची आणि पुदिना टाकून ती भाकरीबरोबर खायची, आलेल्यालाही खायला लावायची. हे सगळं खपून जायचं. पण तिला एक खोड लागली होती आणि तिची मला मेल्याहून मेल्यासारखी लाज वाटायची. कुठंही गेली तरी तिला सगळ्यात पुढं उभं राहायचं असे. गाडी लागायच्या अर्धा तास आधी ती स्टँडवर हजर, दार उघडलं की पहिला पाय हिचा, आणि ड्रायव्हरच्या मागची जागा. रेशनच्या रांगेत पहिली. लग्नात पहिल्या पंगतीला. आमच्यापैकी कुणी मागं रेंगाळलं की चारचौघांत ओरडायची, "कुणाची वाट बघायलाव? चढा की!" बायका तोंडावर पदर धरून हसायच्या. परदेशातून आली ना, शिष्ट झाली, असं आमचेच नातेवाईक म्हणायचे. मीही म्हणायचो, तिच्या माघारी.

ती परतली त्याच्या पुढच्या वर्षाची गोष्ट. मी नदीपलीकडच्या शाळेत नव्यानं लागलो होतो. नोकरी अजून कच्ची होती आणि ती पक्की व्हायला गावातल्या वजनदार माणसांचा शब्द लागायचा. अक्का चार दिवसांच्या सुट्टीवर घरी आली होती. सकाळी मी शाळेला निघालो, ती उदगीरला. काठावर पाटलांचे चुलते, त्यांच्या घरच्या दोन बायका आणि पाच-सहा शेतकरी उभे होते. तुळशीराम नावाड्यानं नाव काठाला लावली, आणि कुणी पाऊल उचलायच्या आत अक्का तरातरा गेली, चढली, पुढच्या फळीवर बसली आणि छत्री उघडून डोक्यावर धरली. कुणी एक शब्द बोललं नाही. बोलले असते तर बरं झालं असतं. चुलते नदीकडं बघत राहिले. बायका एकमेकींकडं. तुळशीरामानं मात्र माझ्याकडं पाहिलं. सगळ्यांनीच मग माझ्याकडं पाहिलं, हळूहळू... मी पाण्यात उतरलो, नावेला धरून तिच्यापाशी गेलो आणि तिचं मनगट धरलं. "अक्का, उतर खाली. पुढच्या खेपेला जाऊ."

"कामून?" ती म्हणाली.

"माझी नोकरी हाय, अक्का."

तिनं माझ्याकडं बघितलं. मग छत्री मिटली आणि उतरली. तिचं लुगडं गुडघ्यापर्यंत भिजलं. नाव भरली आणि गेली.

आम्ही बाभळीखाली बसलो. पाऊण तास तरी नाव परत येणार नव्हती. ती आता मला फाडून खाईल असं मला वाटलं होतं, पण ती लुगडं पिळत बसली आणि मग वेगळंच काहीतरी सांगायला लागली. नेपल्समधली गोष्ट. तिला महिन्यातून एक अख्खा दिवस सुट्टी मिळायची आणि तो ती झोपून काढायची. एकदा तिनं ठरवलं, एक दिवस कुणाला न विचारता, कुणाच्या सोबतीशिवाय, नुसतं जाऊन यायचं. समुद्रात तासाभरावर प्रोचिदा नावाचं एक लहानसं बेट होतं. दवाखान्यातल्या सिस्टर म्हणाल्या, तिथं बघायला काही नाही, कोळ्यांची घरं आणि एक जुना तुरुंग. अक्का म्हणाली, मग मला तिथंच जायचंय. तिनं वहीच्या कागदावर बोटींच्या वेळा लिहून घेतल्या, भिंतीवरचा बेटाचा नकाशा त्याच कागदावर उतरवून घेतला, मायनं मरायच्या आधी पाठवलेल्या शेंगाच्या चटणीचा शेवटचा डबा उघडला, पाव घेतला आणि सकाळी धक्क्यावर जाऊन तिकीट काढलं.

"बोट लागली," अक्का म्हणाली. "फळी टाकली. मी कडंला एक लोखंडी खुंटा होता, दोर बांधायचा, तिथं जाऊन हुभी राहिले. एक म्हातारी आली, तिला वाट दिले. मग दोघं नवराबायको आले. मग कोंबड्याची टोपली घेऊन एक बाई. मग कैद्यांस्नी भेटायला निघालेल्या चार बाया, गाठुडी घेऊन. मी आपली हुभीच. सगळे चढू देत, मग आपण. आसं काय मी मनात बी मनले न्हाई रे, पायच मनायले. मग त्यांनी फळी वढली. बोट गेली, तम्मा. अर्धी रिकामी. मी तिकीट हातात धरून बघायली."

नदीत मध्यभागी नाव दिसत होती, पाटलांच्या बायकांच्या पदरांचे रंग दिसत होते.

"धक्क्यावर दोर सोडणारा एक माणूस होता. म्हातारा. तो माझ्याकडं आला नि इचारला, बाई, कुणाची वाट बघायलाव? चांगल्या मनानं इचारला बघ, टोचून न्हाई. माझं कुणीतरी यायचंय म्हणून मी थांबले, आसं वाटलं त्याला. मी तोंड उघडले नि... काय सांगू? एकटीच तर आले होते की. कुणाची वाट बघायले होते मी? त्या खुंट्यावर बसून रडले. माय गेल्याची तार आली तवा बी येवढी रडले नव्हते."

तो म्हातारा घाबरला आणि तिच्यासाठी पाणी घेऊन आला, आपल्याच कपात. दुसरी बोट दोन तासांनी होती. गेलेल्या बोटीचं तिकीट चालणार नाही म्हणून तिनं नवं काढलं, आणि फळी पडायची त्या जागी दोन तास उन्हात उभी राहिली, हलली नाही. फळी पडली. तिनं पहिला पाय टाकला. "मागून कुणीतरी वरडतंय बघ आता, आसं वाटायलं. वरडलं की खरंच, मागची बाई. काय मनली ठाव हाय? चल की गं लवकर, ऊन लागायलंय. येवढंच!" हे सांगताना अक्का हसली, आणि मग पदरानं डोळे पुसले.

बेटावर तिनं काय पाहिलं ते तिनं मला फार थोडं सांगितलं आणि पुढं कैक वर्षं तेच थोडं मी पुन्हा पुन्हा विचारत राहिलो. पोळ्याला बैलांच्या शिंगांना लावतात तसल्या रंगांची घरं, गुलाबी, पिवळी, निळी, पण खाऱ्या वाऱ्यानं फिकी पडलेली. दुपारी सगळी दारं बंद, गल्लीत एक कुत्रं झोपलेलं, आणि सगळीकडं लिंबाचा वास. ती नकाशा बघत बघत चालत राहिली. एकदा चुकली आणि एका लिंबाच्या बागेत शिरली. तिथल्या म्हातारीनं तिला हाकललं नाही. एक जाडसालीचं लिंबू कापून मीठ-मिरची लावून हातावर ठेवलं. मग पायऱ्या उतरून ती कोळ्यांच्या बंदरावर गेली आणि जाळी शिवणाऱ्या माणसांशेजारी पाव-चटणी खात बसली. त्यातल्या एकानं चटणी मागून घेतली, खाल्ली, आणि डोळ्यांत पाणी येईपर्यंत खोकला. "दिसभर माझ्याशी तिथं पाच-सहा माणसं बोलली आसतील," ती म्हणाली. "एकानं बी इचारलं न्हाई, तू कुणाची? कुठल्या आळीची?" आमच्या मुलुखात अनोळखी माणसाला पहिला प्रश्न हाच असतो आणि त्याच्या उत्तरावर पुढचं सगळं ठरतं.

परतीच्या बोटीला ती पहिली चढली. आणि चढून मागं वळली, तर कैद्यांना भेटून आलेल्या बायकांतली एक म्हातारी रडून रडून थकलेली, तिला फळीवर पाय टाकता येईना. अक्कानं तिला हात देऊन वर घेतलं. "तवा मला कळलं," ती मला म्हणाली, "पुढं गेलं तर मागच्याला हात देता येतो, तम्मा. इथं झाडाखाली बसून तू कुणाला हात देणार?" मग तिनं पिशवीतून एक पाकीट काढलं आणि त्यातला पिवळट कागदाचा तुकडा माझ्या तळहातावर ठेवला. न फाडलेलं तिकीट. "न चढलेल्या बोटीचं हाय हे. चढलेल्या बोटीचं त्यांनी फाडून घेतलं."

एवढ्यात नाव परत येऊन लागली. काठावर आम्ही दोघंच होतो. अक्का उठली, लुगडं झटकलं आणि म्हणाली, "आता तू आधी चढ."

मला वाटतं, माझ्या आयुष्यात मला इतक्या सोप्या शब्दांत कुणी काही मागितलं नसेल. मी उठलोही. पण मी गावाकडं वळून पाहिलं. वाटेनं चार माणसं येत होती, अजून बरीच लांब होती, त्यातल्या एकाचं डोक्याला बांधलेलं पांढरं पागोटं तेवढं ओळखू येत होतं. मी म्हणालो, "येऊ दे त्यांना, अक्का. मग आपण..."

ती नावेकडं वळली. एकटी चढली, पुढच्या फळीवर बसली, छत्री उघडली आणि म्हणाली, "चल, तुळशीराम." तुळशीरामानं येणाऱ्या माणसांकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं, आणि बांबू टेकवून नाव ढकलली. का ढकलली ते मला आजही कळलेलं नाही. एवढ्या मोठ्या नावेत ती एकटी गेली. तिनं मागं वळून बघितलं नाही. ती चार माणसं आली, नाव गेलेली बघून त्यांनी तुळशीरामाला शिव्या घातल्या, आणि पुढच्या खेपेला मी त्यांच्या मागून चढून, मागच्या टोकाला उभा राहून शाळेत गेलो. शाळा केव्हाच भरली होती. माझी नोकरी पुढच्या वर्षी पक्की झाली.

त्यानंतर बावीस वर्षं ती त्या दिवसाविषयी एक अक्षर बोलली नाही. मला ती नेहमी भेटत राहिली, माझ्या लग्नात राबली, माझ्या दोन्ही मुलांना तिनंच या जगात आणलं, मुलीला हट्टानं शिकवायला लावलं. माझ्यावर ती कधी ओरडली नाही, आणि तेच मला लागायचं. स्टँडवर ती इतरांना ओरडून गाडीत चढवायची, मी मागं राहिलो की मात्र मुकाट्यानं आपल्या शेजारची जागा पिशवी ठेवून धरायची. तिनं लग्न केलं नाही. निवृत्त झाल्यावर भालकीत दोन खोल्या घेऊन राहिली आणि दारात लिंबाचं झाड लावलं. दिवाळीच्या सुट्टीत मी गेलो तेव्हा ते गुडघ्याएवढं झालं होतं. निघताना ती म्हणाली, "तम्मा, एक दिस काढ. नुसतं जाऊन येऊ कुठंतरी." मी म्हणालो, परीक्षा होऊ दे. तिनं बरं म्हटलं. ती आमची शेवटची भेट. आता वाटतं, परीक्षा दरवर्षीच असतात, त्या काय, होत राहणारच होत्या.

तिची खोली आवरायला मी आणि नीलम्मा बसलो तेव्हा दाराजवळच्या खुंटीला तिची खाकी पिशवी लटकत होती. नीलम्मा म्हणाली, ही पिशवी कायम भरलेली असायची, धुवायला सुद्धा काढू द्यायच्या नाहीत. आत छत्री होती, एक पंचा, एक रिकामा डबा, काळा चष्मा. आणि वहीच्या कागदाची एक घडी. तिच्या गोल, ठसठशीत अक्षरात लिहिलं होतं: 'रविवार. भालकीहून सातची गाडी. मेहकरच्या फाट्यावर उतरणे. नदीपर्यंत चालत. डब्यात भाकरी, शेंगाची चटणी, लिंबू. नावेनं पलीकडं. तिथं काठावर बसणे. बघायचं काही नाही. चारच्या खेपेनं परत.' त्याखाली एक रेघ मारून दोनच शब्द होते. 'तम्मा आधी.' घडीच्या आत ते तिकीट होतं... मी तो कागद नीलम्माला वाचून दाखवू शकलो नाही. तिनंही मागितला नाही. उठून चहा ठेवायला गेली.

फेब्रुवारीतल्या एका रविवारी मी तसंच केलं. बायकोनं येऊ का विचारलं, मी नको म्हणालो. आदल्या दिवशीच भालकीत येऊन तिच्या खोलीत राहिलो होतो. सातच्या गाडीला मी साडेसहालाच दाराशी उभा होतो आणि ड्रायव्हरच्या मागच्या जागेवर बसलो, याचं मला स्वतःचंच नवल वाटलं. फाट्यावरून चालत नदीवर गेलो. आता खालच्या अंगाला पूल झाला आहे, तरी पलीकडच्या शेतावर जाणाऱ्यांसाठी नाव अजून चालते. तुळशीराम गेला, त्याचा मुलगा नाव चालवतो. त्याचेही केस पिकले आहेत. बाभळ तीच आहे की दुसरी, सांगता येत नाही, पण जागा तीच. काठावर माझ्याशिवाय कुणी नव्हतं. नाव लागलेली होती, फळी ओली होती, नावाडी बांबू धरून उभा होता. बराच वेळ गेला असावा. मला तर वाटत होतं मी चालतोच आहे.

"सर," त्यानं हाक मारली, "कुणाची वाट बघायलाव?"

मी भानावर आलो. मी बाभळीखाली उभा होतो, खांद्याला खाकी पिशवी, आणि तोंड गावाकडच्या वाटेकडं. वाट रिकामी होती.

"बहिणीची," मी म्हणालो. दुसरं काही तोंडात आलंच नाही.

त्याला अक्का गेल्याचं ठाऊक नव्हतं. "मग येऊ द्या की त्यास्नी," तो म्हणाला. "थांबतो मी. घाई कसली?" आणि बांबू आडवा ठेवून तो खरंच नावेच्या काठावर बसला, पाय पाण्यात सोडून. आमच्या गावच्या काठावर नाव अक्कासाठी थांबली होती. मी थोडा वेळ नुसतं बघत राहिलो. मग खाली उतरलो, फळीवर पाय टाकला आणि पुढच्या फळीवर जाऊन बसलो. शेजारी पिशवी ठेवली.

"चल," मी त्याला म्हणालो. "ती गेलीय पुढं."